बालरुग्णांच्या वॉर्डात बालवाडीच्या बाई हव्यात

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आमच्या जिल्ह्यातल्या सरकारी रुग्णालयाच्या बालविभागाला नवं रूप मिळाल्याची बातमी आपल्या अंकात फोटोसह वाचली. भिंतींवर हत्ती, ससे आणि मोर आले, खाटांना रंग लागला, कोपऱ्यात छोटी घसरगुंडीही आली. या वॉर्डात मी बरीच वर्षं मंगळवारी आणि शुक्रवारी दुपारी जाऊन बसते. तिथल्या मुलांशी आणि त्यांच्या आयांशी ओळखी झाल्या आहेत, त्यामुळे बातमी वाचून मनापासून आनंद झाला. ज्यांनी हे काम करून घेतलं त्यांचे आभार. बातमीत खाटांची संख्या होती, नव्या यंत्रांची यादी होती, डॉक्टर आणि परिचारिकांच्या मंजूर पदांचा तपशील होता. ‘आता तुला काय करणार आहेत’ हे मुलाला त्याच्या भाषेत सांगणारं माणूस मात्र त्या यादीत कुठेच नव्हतं. असणार कुठून? असं पदच आपल्याकडे मंजूर नाही. हे पत्र त्या पदासाठी आहे. पत्र लांबणार आहे, आपण शक्य तेवढं छापावं.

मी निवृत्त बालवाडी शिक्षिका. कोसबाडच्या टेकडीवर बालशिक्षणाला वाहून घेतलेल्या अनुताई वाघांच्या देखरेखीखाली तयार झालेल्या बायांपैकी एक. पुढची नोकरी सगळी खानदेशात झाली. वैद्यकीय शिक्षण मला नाही. पण तीन ते सहा वर्षांच्या मुलाला काय समजतं, कशाची भीती वाटते आणि भीती वाटली की ते काय करतं, हे मी जन्मभर पाहत आले.

सलाईन लावायची वेळ डोळ्यांपुढे आणा. उलट्या-जुलाबांनी सुकून गेलेलं तीन-साडेतीन वर्षांचं पोर. शीर सापडत नाही. आईला सांगितलं जातं, ‘तुम्ही बाहेर थांबा, तुम्हाला बघून जास्त रडतो.’ एकजण पाय धरतं, एकजण हात, मावशी डोकं दाबून धरतात, चादरीत गुंडाळतात. कोणीतरी म्हणतं, ‘काही नाही रे राजा, मुंगी चावल्यासारखं होईल.’ मग सुई टोचते. पहिल्यांदा शीर निसटते, दुसऱ्यांदाही निसटते. शेजारच्या खाटांवरची मुलं हे सगळं डोळे फाडून बघत असतात, कारण बऱ्याच ठिकाणी वेगळी खोली नसते आणि असली तरी तिथं न्यायला वेळ नसतो. यात मी सिस्टरांना किंवा शिकाऊ डॉक्टरांना दोष देत नाही. रात्रपाळीला एका सिस्टरवर अख्खा वॉर्ड असतो. मूल वाचवायचं तर शीर सापडलीच पाहिजे. पण त्या पाच-दहा मिनिटांत मुलाने काय शिकलं? आई मला सोडून जाते, मोठी माणसं खोटं बोलतात, आणि पांढरा कोट दिसला की पळायचं. माझ्या बहिणीच्या नातवाला थॅलेसेमिया आहे. दर तीन आठवड्यांनी त्याला रक्त चढवावं लागतं. सुरुवातीच्या अशा काही खेपांनंतर तो केस कापायला न्हाव्याकडेही बसेना, कारण न्हावीदादांनी पांढरं कापड अंगावर टाकलं की तो थरथरायचा. ज्या मुलाला जन्मभर दवाखान्यात जायचं आहे, त्याची दवाखान्याशी ओळख अशी व्हावी का?

आता दुसरी बाजू सांगते. माझी मुलगी अमेरिकेत, ओहायो राज्यात राहते. तिचा मुलगा चार वर्षांचा असताना त्याचं हर्नियाचं ऑपरेशन झालं, तेव्हा मी तिच्याकडे होते. ऑपरेशनच्या दिवशी सकाळी एक तरुण मुलगी खोलीत आली. अंगावर कोट नाही, हातात फाईल नाही, एक कापडी बाहुला आणि एक पिशवी. तिने आधी माझ्या मुलीला विचारलं, घरी तुम्ही त्याच्याशी कोणत्या भाषेत बोलता? शूला काय म्हणता, दुखतंय याला काय म्हणता, आजीला काय म्हणतो? आम्ही मराठी शब्द सांगितले, तिने ते कागदावर उतरवून घेतले आणि पुढच्या सगळ्यांना कळावेत म्हणून फाईलला लावले. मग ती जमिनीवर मांडी घालून बसली. बाहुल्याच्या हातात नातवासारखाच कागदी पट्टा बांधला. भुलीचा मास्क त्याच्या हातात दिला, हुंगायला लावला, त्याला आतून कोणता वास लावायचा ते निवडायला सांगितलं. मास्कला जोडलेली पिशवी श्वासाबरोबर कशी फुगते ते दाखवलं आणि म्हणाली, ती फुगवायचं काम तुझं. चिरंजीव बराच वेळ गप्प होते. मग त्यांनी मराठीतच मला विचारलं, ‘आजी, पोट उघडलं की माझं जेवण बाहेर पडेल?’

मी हा प्रश्न भाषांतर करून सांगितला. ती हसली नाही. तिने बाहुल्याच्या पोटावर पेनाने जेमतेम नखाएवढी रेघ काढली, तेवढंच उघडणार म्हणाली, जेवण आणखी आत वेगळ्या पिशवीत असतं आणि डॉक्टर त्या पिशवीला हात लावणार नाहीत. शिवाय तू सकाळपासून उपाशी आहेस तो यासाठीच, की पोट रिकामं असलेलं बरं. मग रेघेवर पट्टी चिकटवायला त्यालाच दिली. जागा झाल्यावर इथे दुखेल, हेही तिने सांगितलं. दुखणार नाही असं एकदाही म्हणाली नाही. भूल देईपर्यंत माझी मुलगी त्याच्यासोबत आत होती. तो जाताना रडलाच नाही असं नाही, ओठ काढले होतेच, पण मास्क त्याने स्वतःच्या हाताने तोंडाला लावला.

या मुलीचं पद ‘चाइल्ड लाइफ स्पेशालिस्ट’. मुलाला दवाखान्यात जे जे सोसावं लागतं त्यासाठी त्याला तयार करणं, ते होत असताना त्याच्याजवळ राहणं, नंतर खेळातून त्याचा ताण मोकळा करणं, आणि आई-बाप-भावंडं यांना सांभाळणं, एवढंच तिचं काम. ती सुई टोचत नाही, औषध देत नाही. सगळ्या दवाखान्यात मुलाला दुखवण्याचं काम जिच्याकडे कधीच येत नाही अशी ती एक व्यक्ती. अमेरिकेत हा रीतसर व्यवसाय आहे. पदवी लागते, प्रशिक्षित माणसाच्या हाताखाली 600 तासांची उमेदवारी लागते, मग परीक्षा. तिथल्या बालरोगतज्ज्ञांच्या अकादमीने 2014 च्या निवेदनात ही सेवा चांगल्या बालउपचारांचा आवश्यक भाग असल्याचं म्हटलं आहे. साधारण 15 ते 20 दाखल मुलांमागे असं एक माणूस, हे प्रमाण तिथे धरलं जातं. इंग्लंडमध्ये हेच काम करणाऱ्या माणसांना ‘प्ले स्पेशालिस्ट’ म्हणतात.

ही श्रीमंत देशांची थेरं आहेत असं कुणी म्हणेल, म्हणून या कामाचा उगम सांगते. मी तो मुद्दाम शोधून काढला आणि वाचून थक्क झाले. व्हिएन्नामध्ये 1905 साली जन्मलेल्या एमा प्लँक या मॉन्टेसरी पद्धतीच्या शिक्षिका. मुलांच्या मनाचा अभ्यास करणाऱ्या ॲना फ्रॉइड यांच्याकडेही त्या शिकल्या. नाझींनी ऑस्ट्रिया घेतल्यावर 1938 मध्ये त्या अमेरिकेत गेल्या. ओहायोतल्याच क्लीव्हलँड शहराच्या सार्वजनिक रुग्णालयात बालविभागाचे प्रमुख होते डॉ. फ्रेडरिक रॉबिन्स, पोलिओच्या विषाणूवरच्या कामासाठी 1954 चं नोबेल मिळालेल्या तिघांपैकी एक. महिनोन् महिने खाटेवर पडून असलेल्या मुलांचं नुसत्या औषधाने भागत नाही हे त्यांना दिसत होतं. त्यांनी 1955 मध्ये या बालशिक्षिकेला बोलावून घेतलं आणि वॉर्डात काम सुरू करून दिलं. पुढे 1962 साली तिने आपल्या अनुभवांवर पुस्तक लिहिलं आणि या कामाला शास्त्राची शिस्त आली. त्याआधीही मिशिगनसारख्या एखाद्या ठिकाणी 1920 च्या दशकात दवाखान्यात खेळाची सोय झाली होती, पण आजचा व्यवसाय घडला तो क्लीव्हलँडच्या या कामातून. म्हणजे नोबेल मिळालेल्या डॉक्टरांना मुलांसाठी काय कमी पडतंय असं वाटलं, तर बालवाडीची बाई.

आणि आपल्याकडे? ताराबाई मोडक गिजुभाई बधेकांबरोबर भावनगरला मॉन्टेसरीचं शिक्षण भारतीय मातीत रुजवत होत्या ते 1920 च्या दशकात. नूतन बालशिक्षण संघ 1926 चा. बोर्डीला ग्राम बालशिक्षा केंद्र सुरू झालं 1945 मध्ये, क्लीव्हलँडच्या दहा वर्षं आधी. हरिजन वस्तीतली मुलं शाळेत येत नाहीत, तर शाळा त्यांच्या अंगणात न्यायची, गुरं राखणारी मुलं येत नाहीत, तर शाळा कुरणात न्यायची, हे ताराबाई आणि अनुताईंनी करून दाखवलं. अंगणवाडी आणि कुरणशाळा त्यातून आल्या. आम्हाला कोसबाडला शिकवलं ते हेच, की मूल जिथे असेल तिथे आपण जायचं आणि जवळ असेल त्या वस्तूंनी शिकवायचं. दवाखान्याच्या खाटेवर मूल असतं, आठवडे आठवडे असतं. तिथे मात्र आपली बालवाडी पोचली नाही. आज महाराष्ट्रात लाखावर अंगणवाड्या आहेत, बालशिक्षणाच्या पदविका घेऊन दर वर्षी कितीतरी मुली बाहेर पडतात. ज्या मुळातून तिकडचा व्यवसाय उगवला ते मूळ आपल्याकडेही आहे, आणि जुनं आहे.

वॉर्डात मी नेमकं काय करते ते एका मुलीबद्दल सांगितलं तर कळेल. तिची ओळख कळू नये म्हणून एक-दोन तपशील बदलले आहेत. सहा वर्षांची पोर, अहिराणी बोलणारी, बाप ऊसतोडीला गेलेला. न्यूमोनिया चिघळून छातीत पू झाला होता, म्हणून बरगड्यांमधून नळी घातलेली. ती कुणाशीच बोलत नव्हती. डॉक्टर राउंडला आले की डोळे घट्ट मिटून घ्यायची. मी तिच्या खाटेशी बसले आणि माझी पिशवी उघडली. त्यात सुई काढलेल्या सिरिंज आहेत, सलाईनच्या सेटचे तुकडे, कापूस, चिकटपट्टी, आणि जुन्या साडीची मी शिवलेली बाहुली. हे सगळं सिस्टर इन्चार्जना दाखवून, त्यांची परवानगी घेऊन ठेवलेलं. बाहुलीला मुद्दाम तोंड काढलेलं नाही, म्हणजे मूल तिला हसरी ठरवू शकतं किंवा रडकी. पहिल्या दिवशी तिने बाहुलीकडे नुसतं पाहिलं. पुढच्या खेपेला सिरिंज उचलली आणि बाहुलीला टोचायला लागली. हातात, मांडीत, पोटात, गालावर. एवढ्या जोरात, की मावशी घाबरून म्हणाल्या, ‘घ्या हो ते काढून.’ मी घेतलं नाही. मुलं असंच करतात. आपल्याला जे केलं गेलं ते दुसऱ्याला करून बघतात, तेव्हा ते थोडं आपल्या ताब्यात येतं.

मग तिने नळीचा तुकडा घेतला आणि बाहुलीच्या छातीला, बरोबर स्वतःच्या नळीच्या बाजूला, पट्टीने चिकटवला. मी विचारलं, हिला काय झालंय? आणि ती पोर पहिल्यांदा बोलली. अहिराणीत म्हणाली, की हिने आईचं न ऐकता बोरं खाल्ली, म्हणून हिची छाती फाडली.

खाटेच्या पायाशी तिची आई बसली होती, तिने तोंडाला पदर लावला. खोकला सुरू झाला तेव्हा आईनेच म्हटलं होतं, ‘बोरं खाल्लीस ना, भोग आता.’ कोणतीही आई म्हणेल असं वाक्य. त्या वयाच्या मुलाला मात्र सगळ्या गोष्टी आपल्यामुळेच घडतात असं वाटत असतं, आजार ही शिक्षा वाटते आणि उपचार त्याहून मोठी शिक्षा. ही मुलगी इतके दिवस मुकाट्याने शिक्षा भोगत होती. मी आईला बाजूला घेऊन समजावलं, आणि आईनेच तिला जवळ घेऊन सांगितलं, की बोरांनी असं होत नाही, छातीत जंतू गेले होते, त्यांची घाण नळीतून बाहेर काढताहेत, तुझं काही चुकलेलं नाही. हे मी सांगून उपयोग नव्हता, आईनेच सांगायला हवं होतं. पुढच्या ड्रेसिंगच्या आधी तिने बाहुलीचं ड्रेसिंग केलं आणि शिकाऊ डॉक्टरांना सांगितलं, पट्टी ओढायची नाही, पाण्याने भिजवून हळू काढायची. त्यांनी तसं केलं. ती रडली, कारण दुखलंच. पण हात धरावे लागले नाहीत.

रडू थांबवणं हे या कामाचं उद्दिष्ट नाही, हे मला पुन्हा पुन्हा सांगावं लागतं. ‘शहाणं बाळ आहे, रडत नाही’ हे कौतुक वॉर्डात फार ऐकू येतं. दुखलं तर मुलाने रडावं. मी भ्यावं अशी जी मुलं असतात ती रडणारी नसतात, ती असतात खाटेवर गप्प, भिंतीकडे तोंड करून पडलेली.

थोडी मोठी मुलं असली की प्रश्न निराळे. बारा-तेरा वर्षांच्या मुलाला बाहुली नको असते. त्याला पडदा हवा असतो, तपासताना शर्ट वर करायच्या आधी विचारलेलं हवं असतं, शाळेत वर्ष वाया जाईल का याचं खरं उत्तर हवं असतं. केमोथेरपीने केस जाणार असतील तर ते आधी कळायला हवं असतं, सकाळी उशीवर केस बघून नव्हे. घरी राहिलेल्या भावंडांचं तर कुणी बघतच नाही. त्यांना सांगितलेलं असतं, ‘ताई मामाकडे गेलीय.’ महिनाभराने ताई येते ती हडकलेली, टक्कल पडलेली, आणि आई सारखी तिच्याजवळ. धाकट्याला वाटतं, मी ताईशी भांडलो म्हणून हे झालं. त्यालाही दोन शब्द कुणीतरी समजावून सांगायला हवेत, आणि दवाखान्यात ताईला भेटू द्यायला हवं.

आणि कधी कधी मूल जातं. हे लिहिताना हात जड होतो, पण ते वगळलं तर पत्र अपुरं राहील. रात्री एखादी खाट रिकामी होते, सकाळी चादर बदललेली असते. शेजारची मुलं विचारतात, ती कुठे गेली? आम्ही सगळे म्हणतो, घरी गेली, दुसऱ्या वॉर्डात गेली. मुलांना कळलेलं असतं. त्यांनी रात्री तिच्या आईचा आवाज ऐकलेला असतो. आपण खोटं बोललो की त्यांना एवढंच समजतं, की याबद्दल मोठ्यांशी बोलायचं नाही, आणि ती भीती प्रत्येक मूल एकट्याने घेऊन झोपतं. तिकडच्या दवाखान्यांत हे काम याच व्यक्तीकडे असतं. मुलांच्या वयाप्रमाणे खरं सांगणं, भावंडांना निरोप घेऊ देणं, आई-वडिलांना हवं असेल तर मुलाच्या हाताचा रंगीत ठसा कागदावर घेऊन देणं. मला हे नीट करता येत नाही. त्याचं शिक्षण मला मिळालेलं नाही आणि अशा रात्री मी तिथे नसते.

म्हणूनच माझ्यासारख्या हौशी बायांवर हे काम सोडू नका. मी दुपारी येते, मूल दाखल होतं पहाटे तीनला. केस पेपर बघायचा मला अधिकार नाही, आणि असूही नये. ‘डॉक्टर, पाच मिनिटं द्या, याला तयार करते’ असं सांगायला जागेवर असलेलं माणूस लागतं, त्या शब्दाला वजन लागतं, आणि वजन पदाने येतं. आपल्या राज्यातल्या सरकारी रुग्णालयांत समाजसेवा अधीक्षकांचं पद आहे, त्यामागे मोठी परंपरा आहे. मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात 1946 मध्ये देशातली पहिली वैद्यकीय समाजसेविका नेमली गेली. तेव्हाही कुणीतरी म्हणालं असेल, की डॉक्टर पुरेसे नाहीत आणि तुम्हाला समाजसेविका कशाला हवी. आज त्यांच्याशिवाय गरीब रुग्णाचं पानही हलत नाही. पण त्यांच्याकडे आधीच योजनांचे कागद, निधी, बेवारस रुग्ण असं सगळं आहे. त्यांच्याकडून खाटेशी बसून बाहुली खेळायची अपेक्षा करणं अन्यायाचं होईल.

याचा पुरावा काय, असं प्रशासन विचारेल. सुई टोचताना मुलाचं लक्ष दुसरीकडे वेधणं, त्याला आधी सांगून तयार करणं अशा उपायांवर जगभर कितीतरी चाचण्या झाल्या आहेत. कॉक्रेन या संस्थेने 2018 मध्ये अशा पन्नासहून अधिक चाचण्यांचा एकत्रित आढावा घेतला आणि लक्ष वेधून घेण्याने मुलांचं दुखणं कमी होतं असा निष्कर्ष काढला. जागतिक आरोग्य संघटनेने 2015 मध्येच सांगितलं आहे, की लस टोचताना बाळ आईच्या हातात असावं, अंगावर पिणारं असेल तर त्या वेळी पाजावं. आई बाहेर नको, आत हवी. मूल आईच्या मांडीवर छातीला छाती लावून बसलं तर हात स्थिर राहतो आणि मुलाला दाबून धरल्यासारखं वाटत नाही. कातडी बधिर करणारं मलम मिळतं. ते तासभर आधी लावावं लागतं, म्हणून तातडीच्या वेळी उपयोगाचं नाही. पण ज्या मुलाला दर तीन आठवड्यांनी ठरलेल्या दिवशी रक्त चढवायचं आहे, त्याला ते का लावत नाहीत? वेळ आधीपासून माहीत असते. लक्षात ठेवणारं माणूस नसतं, एवढंच.

एका बाबतीत आपण पुष्कळ पुढे आहोत, तेही सांगते. इंग्लंडमध्ये पूर्वी दवाखान्यात ठेवलेल्या मुलाला आई-बाप आठवड्यातून एखाद्या वेळी भेटू शकत. आईपासून दुरावलेल्या मुलांचा अभ्यास करणाऱ्या जेम्स रॉबर्टसन यांनी दोन वर्षांच्या एका मुलीचे दवाखान्यातले आठ दिवस 1952 मध्ये चित्रित करून दाखवले, तेव्हा कुठे डॉक्टरांचे डोळे उघडायला लागले, आणि 1959 च्या सरकारी अहवालाने आई-बापांना मुलाजवळ राहू द्या अशी शिफारस केली. आपल्या सरकारी वॉर्डात आई पहिल्या दिवसापासून खाटेखाली चादर टाकून झोपलेली असते. तिकडच्यांनी झगडून मिळवलं ते आपल्याकडे आहेच. फक्त नेमक्या दुखण्याच्या क्षणी आपण तिला बाहेर काढतो. एवढं थांबलं तरी निम्मं काम होईल, आणि त्याला एक रुपया लागत नाही.

पैसे लागतील ते पदाला. त्यासाठीही पाया घातलेला आहे. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम 2013 पासून सुरू आहे. त्याची पथकं अंगणवाड्यांत आणि शाळांत जाऊन मुलं तपासतात, हृदयाला छिद्र असलेली, टाळू दुभंगलेली मुलं शोधतात आणि शस्त्रक्रियेसाठी मोठ्या शहरांत पाठवतात. फार मोलाचं काम आहे. याच कार्यक्रमात जिल्ह्याच्या ठिकाणी, जन्मतः व्यंग किंवा वाढीत अडचण असलेल्या मुलांसाठी, शीघ्र हस्तक्षेप केंद्रं आहेत आणि त्यांच्या रचनेत मानसतज्ज्ञ, विशेष शिक्षक, समाजसेवक धरलेले आहेत. हे केंद्र आणि बालरुग्ण वॉर्ड यांच्यात अंतर असतं एखाद्या व्हरांड्याचं. केंद्रातल्या एका माणसाला वॉर्डाची जबाबदारी रीतसर नेमून दिली आणि त्यासाठी शिकवलं, तर सुरुवात होईल. साक्री किंवा अक्कलकुव्याच्या पाड्यावरचं मूल हृदयाच्या ऑपरेशनसाठी मुंबईला निघतं, तेव्हा छातीवर पट्टी असेल, नाकात नळी असेल, जाग आल्यावर थोडा वेळ बोलता येणार नाही, हे त्याला घरीच, त्याच्या बोलीत कुणी सांगितलं तर किती फरक पडेल! महात्मा जोतीराव फुले जन आरोग्य योजनेतून ऑपरेशनचा खर्च भागतो. या सांगण्याचा खर्च त्यामानाने अगदीच किरकोळ आहे.

भारताने बालहक्कांचा आंतरराष्ट्रीय करार 1992 मध्ये मान्य केला. त्यात मुलाचं म्हणणं ऐकून घेण्याचा हक्क आहे आणि खेळण्याचा हक्कही आहे. आजारी पडलं की तो रद्द होतो असं त्यात लिहिलेलं नाही.

माझ्या मागण्या थोड्या आहेत. जिल्हा रुग्णालय आणि शासकीय वैद्यकीय महाविद्यालय, दोन्ही ठिकाणच्या बालविभागात निदान एक मंजूर पद, बालशिक्षण किंवा बालविकासाची पदविका असलेल्या उमेदवारासाठी, आणि त्यांना दवाखान्यातल्या कामाचं प्रशिक्षण देणारा अभ्यासक्रम. परळच्या टाटा रुग्णालयासारख्या ठिकाणी कर्करोगाच्या मुलांसाठी समुपदेशन, शिक्षण, राहण्याची सोय यांवर संस्थांच्या मदतीने पुष्कळ काम होतं. प्रशिक्षणासाठी अशा ठिकाणच्या अनुभवी माणसांची मदत घेता येईल. पद मंजूर होईपर्यंत, सुई टोचायची ती ड्रेसिंग रूममध्ये, खाटेवर नाही, म्हणजे खाट तरी मुलाला सुरक्षित वाटेल. आईला आत ठेवायचं. आणि ‘मुंगी चावेल’ म्हणायचं नाही, ‘दुखेल, मी दहा म्हणेपर्यंत दुखेल’ असं म्हणायचं, आणि खरंच दहापर्यंत मोजायचं.

वाचकांनाही एक विनंती. पोर ऐकत नसलं की ‘थांब, डॉक्टरकाका सुई टोचतील’ ही धमकी आपल्या घराघरांत आहे. ती कृपा करून बंद करा. त्या धमकीची किंमत एक दिवस तेच पोर वॉर्डात मोजतं.

या मागण्यांचा अर्ज मी जिल्हा शल्यचिकित्सकांना दिला आहे आणि आरोग्यमंत्र्यांना टपालाने पाठवला आहे. त्याची प्रत सोबत जोडते. आपल्या वार्ताहरांनी पुढच्या आढावा बैठकीत या अर्जाचं काय झालं एवढं विचारलं तर उपकार होतील. ज्या निवृत्त बालवाडी किंवा अंगणवाडी शिक्षिकांना आपल्या गावच्या वॉर्डात बसायची इच्छा आहे त्यांनी आपल्या कार्यालयाच्या पत्त्यावर मला लिहावं. तोंड नसलेली बाहुली कशी शिवायची, पिशवीत काय ठेवायचं, काय मुळीच ठेवायचं नाही आणि परवानगी कुणाकडे मागायची, हे मी प्रत्येकीला पत्राने कळवीन.

आपली,
एक निवृत्त बालवाडी शिक्षिका
(रुग्णालय आणि मुलं ओळखली जाऊ नयेत म्हणून माझं नाव व गाव छापू नये, ही विनंती.)